सावरनाळेचा धूर

दसरा सरला की कोल्हापूरच्या हवेत दोन वास येतात. एक गुऱ्हाळाचा. नदीकडच्या अंगाला पहिली काहील चढली की उकळत्या रसाचा वास वाऱ्यावर बसून थेट माझ्या मुलाच्या फ्लॅटच्या गॅलरीत येतो. दुसरा वास छापील कागदाचा. याच दिवसांत घाटवाटांची पुस्तकं दुकानात येतात. पाऊस थांबलेला, गवत अजून ओलं, शहरातल्या लोकांच्या तळपायाला खाज सुटलेली. दुकानदार काचेआड ती पुस्तकं उभी करून ठेवतो. कव्हरवर डोंगर, ढग, आणि कड्याच्या टोकाला पाय सोडून बसलेला एखादा बिनकामाचा माणूस.

पहिल्या वासाशी माझं भांडण नाही.

मी शाळा तिसरीपर्यंत केली. तेवढ्यावरून मी पुस्तकाला दबून असेन असं कुणी समजू नये. मला वाचता येतं. बोट ठेवून वाचतो, पण वाचतो. परवा माझ्या नातीनं, अनुजानं, असंच एक जाडजूड पुस्तक माझ्या मांडीवर आणून ठेवलं.

“आज्जा, तुमच्या घाटाचं पुस्तक. नवी आवृत्ती आलीया.”

“जुन्यात काय चुकलंतं म्हणून नवी?”

“तसं नसतंय ओ. संपली की परत छापत्यात.”

म्हणजे चुका पण परत छापतात. पोरगी हौसेनं आणते, तिला काय ठाऊक की मला त्या पुस्तकाचा राग का आहे. तो राग गेल्या वर्षीच्या भाऊबीजेचा आहे, आणि हवेत गुळाचा वास आला की तो आपोआप वर येतो.

गारगोटीच्या पुढं जिथं एसटी तोंड फिरवते, त्या गावाच्याही वर आमची वाडी आहे. वाडीच्या मागं डोंगर तुटतो आणि खाली कोकण सुरू होतं. त्या तुटलेल्या जागी पाण्यानं खोदलेली एक अरुंद घळ आहे, तिच्यातून पायवाट खाली उतरते. अशा घळीला आम्ही नाळ म्हणतो. तोंडाशी काटेसावरीचं मोठं झाड, म्हणून ही सावरनाळ. पुस्तकात तिला ‘प्राचीन व्यापारी मार्ग’ म्हटलं आहे. मीठ, तांदूळ, बैलांचे तांडे, राजाची फौज असं सगळं त्या मार्गानं नेलं-आणलं आहे. गेली असेल फौज. मी बघायला नव्हतो, आणि लिहिणारा पण नव्हता. माझी पहिली तक्रार फौजेबद्दल नाही, त्या ‘प्राचीन’ शब्दाबद्दल आहे.

एका पावसाळ्यात नाळ मरते. वरून धो धो पाणी येतं, माती वाहून जाते, दगड जागा सोडतात, कारवी आणि वेली दोन्ही बाजूंनी येऊन एकमेकांच्या गळ्यात पडतात. दसऱ्याला जाऊन बघितलं तर तिथं वाट होती हे शपथेवर सांगावं लागेल. मग वाट काढायचा दिवस ठरायचा. वरून आमची वाडी कोयते घेऊन उतरायची, खालून कोकणातलं गाव चढायचं. मध्ये कुठंतरी गाठ पडायची. आधी आवाज यायचा. कारवीवर कोयता बसला की टक असा कोरडा आवाज होतो, तो खालून वर सरकत यायचा. मग शिव्या ऐकू यायच्या. मग माणसं दिसायची.

आमच्यातला कुणीतरी म्हणायचा, “एवढंच चढलाईसा व्हय रं? भात खाऊन खाऊन पोटं सुटल्यात तुमची.”

खालचा म्हणायचा, “तुमका काय, उतराचाच तर हा. धोंडो सोडलो तरी खाली येता.”

जिथं गाठ पडली तिथंच बसून जेवायचं. आमची भाकरी, त्यांची सुकट. चिरलेल्या कारवीचा हिरवा वास हाताला, त्याच हातानं घास. दरसाल जागा वेगळी, कधी ओढ्याच्या वर, कधी खाली, आणि कुणी किती तोडलं यावर पुढं वर्षभर टोमणे. पुढं मोठ्या घाटातून डांबरी रस्ता झाला, एसटी धावायला लागली, आणि वाट काढायला माणूस मिळेना. तर वाट ही अशी दरसाल नवी असायची. तिला प्राचीन म्हणणं म्हणजे सकाळच्या भाकरीला प्राचीन म्हणणं.

हे सगळं मी अनुजाला सांगितलं तर ती म्हणते, “आज्जा, मग तुम्हीच लिवा की पुस्तक.” ही एक नवी शिवी निघाली आहे. काही खटकलं म्हणून बोललं की लोक म्हणतात, मग तुम्ही लिहा. माझ्या ताटात खडा आला तर मी शेती करायची काय?

वाट निघाली की पाठोपाठ दिवाळी आणि भाऊबीज. आमच्या वाडीतल्या बऱ्याच लेकी खाली कोकणात दिलेल्या. भावानं बहिणीकडं जायचं ते नाळेनं उतरून, डोक्यावर गुळाची ढेप आणि शेंगांचं गाठोडं घेऊन. पण उतरायच्या आधी कड्यावर धूर द्यायचा. वाळक्या काटक्या पेटवायच्या आणि वर ओलं गवत टाकायचं, की पांढरा, जाड, सरळ धूर उठतो. खाली अंगणात बहीण सकाळपासून डोंगराकडं तोंड करून बसलेली असते. धूर दिसेपर्यंत ती अन्नाला शिवत नाही. दिसला की उठते आणि चुलीवर आधण ठेवते. भाऊ उतरून दारात येईपर्यंत भात झालेला, पाट मांडलेला, निरांजन लावलेलं.

प्रत्येक घराची धुराची जागा ठरलेली होती, आपापल्या बहिणीच्या अंगणातून दिसेल अशी. त्यामुळं कड्याच्या काठानं कातळावर ठिकठिकाणी काळे डाग पडले आहेत, आमच्या आज्याच्या आज्यापासूनचे. पूर्वी भाऊबीजेच्या सकाळी सगळा कडा विडी ओढत बसल्यासारखा दिसायचा. पुढं बहिणी मेल्या, भाऊ मुंबईला गेले, भाचे गोव्याला गेले. डाग राहिले. धूर उठतो तो आता एकाच डागातून, सावरीच्या झाडाखालच्या. तो आमच्या घरचा. तिथून माझ्या आक्काचं घर दिसतं. दिसतं म्हणजे कौलं दिसतात आणि अंगणाचा लाल तुकडा. थोरला दादा होता तोवर आम्ही दोघं जायचो. तो जाऊन बरीच वर्षं झाली. आता मी एकटा.

आक्का माझ्याहून मोठी. तिला आता ऐकू येत नाही. थोडं कमी येतं असं नव्हे, येतच नाही. तिच्या कानाला फोन लावणं म्हणजे नारळाला लावणं. पण लांबचं तिला घारीसारखं दिसतं. सुईत दोरा ओवता येत नाही, आणि डोंगरावर चरणारी म्हैस कुणाची ते सांगते. त्यामुळं आमच्यात बोलणं म्हणून जे काही उरलं आहे ते वर्षातून एकदा, तो धूर.

एका साली मुलानं, प्रकाशनं, हट्टानं मला गाडीत घालून मोठ्या घाटानं तिच्याकडं नेलं. गाडी घराच्या मागच्या अंगाला थांबते. आक्का पुढच्या अंगणात बसलेली. मी मागून जाऊन तिच्या खांद्यावर हात ठेवला. तिनं वळून बघितलं, उठली, ओवाळलं, जेवायला वाढलं, आणि परत जाऊन डोंगराकडं तोंड करून बसली. दिवस मावळल्यावर आत आली.

“धाकल्या,” मला म्हणाली, “गाडीनं येतो तो पावणा. माझा भाऊ आज आला न्हाय.”

प्रकाश हसला. मला हसू आलं नाही. त्या दिवशी मी ठरवलं की अंगात जीव आहे तोवर नाळेनंच जायचं, आणि जमेनासं झालं की घरी बसायचं, पण तिच्या दारात मागून जायचं नाही.

आता पुस्तक लिहिणाऱ्याकडं येतो. तो आमच्या वाडीत आला तेव्हा मी कोल्हापुरात डोळ्याच्या ऑपरेशनला आलो होतो. नशीब त्याचं. त्याला भेटला माझा चुलतभाऊ बापू. आता आमच्याकडं एक रीत आहे. पावण्याला तोंडावर ‘न्हाय’ म्हणायचं नाही. ‘अजून किती लांब’ असं त्यानं विचारलं तर ‘हे काय, आलंच’ म्हणायचं, मग ते दोन डोंगर पलीकडं का असेना. ‘या पाण्याला औषधी गुण आहे म्हणतात’ असं म्हणाला तर ‘व्हय की’. त्यानं एवढी पायपीट केलेली असते, त्याचा हिरमोड कशाला करा. ही रीत जेवणावळीला ठीक आहे. लिहून घेणाऱ्यापुढं ती फार महागात पडते. त्यांचं बोलणं बापूनंच मला नंतर मोठ्या अभिमानानं ऐकवलं.

पावणा म्हणाला, “मामा, हे काळे डाग आहेत, इथं पूर्वी पहारा असणार ना?”

बापू म्हणाला, “असंल की.”

“शत्रू आला की धूर करून खाली इशारा द्यायचे?”

“धूर तर करत्यातच की.”

“म्हणजे राजांच्या काळापासून?”

“तवापास्नं म्हंजे... असंल की.”

आणि पुस्तकात काय आलं? ‘कड्याच्या काठाने टेहळणी चौक्यांची साखळी असून शत्रूच्या हालचालींची खबर धुराने खाली दिली जात असे, असे स्थानिक सांगतात.’ स्थानिक म्हणजे आमचा बापू.

मी गावी गेल्यावर बापूला धरलं. “तोंडाला काय कुलूप लागलंतं? भाऊबीजंचा धूर हाय म्हणून सांगाय काय झालंतं?”

“त्यानं इचारलं पहाऱ्याचं. भाऊबीजंचं इचारलंच न्हाय.”

“तुझी एक बी बहीण खाली न्हाय, म्हणून तुझी जीभ सैल.”

“बरं, मी सांगिटलं असतं, की म्हातारी बाई आधण ठेवाय धूर बघती,” बापू म्हणाला. “मग कुत्रं तरी आलं असतं का हितं? आता रविवारी बघ. माझ्या सुनंच्या पिठल्याला फौज येती. आली का न्हाय फौज?”

त्याचं म्हणणं खोटं नव्हतं, म्हणून तर जास्त संताप आला. शत्रू येतोय म्हणून धूर केला तर तो इतिहास. भाऊ येतोय म्हणून केला तर तो नुसता धूर. पहिल्यासाठी माणसं शंभर कोसांवरून येतात आणि काळ्या दगडावर हात फिरवतात. दुसऱ्यासाठी वाकून बघायला कुणाला वेळ नाही. राजाचा पहारेकरी खरंच तिथं बसलेला असेलही. पण त्यालाही कुठंतरी बहीण असेल की नाही? ते कुणी विचारायचं?

पुस्तक खपलं आणि मग डोंगर चढणाऱ्यांच्या कुठल्यातरी मंडळानं सावरीच्या झाडाखाली पत्र्याचा बोर्ड ठोकला. ‘ऐतिहासिक टेहळणी चौकी. येथे आग लावू नये.’ बोर्ड ठोकला तेव्हा मी वाडीत नव्हतो. आग लावणारा मी एकटाच उरलेलो, आणि मलाच कुणी विचारलं नाही.

गेल्या वर्षी दिवाळीला मी नेहमीप्रमाणं वाडीत गेलो. भाऊबीजेच्या आदल्या दिवशी प्रकाशचा फोन.

“आबा, गुडघ्याचं काय ठरीवलायसा?”

“गुडघा माझ्याबरोबर येतोय.”

“मस्करी न्हाय. अनुजा पुस्तकातलं वाचून दाखवती, ऐका जरा.” मग त्यानं फोन पोरीकडं दिला आणि तिनं वाचलं. “‘सावरनाळेची वाट मधल्या टप्प्यात दरड कोसळून मोडली आहे. वाटाड्याशिवाय उतरू नये. दरडीच्या ठिकाणी डावीकडच्या कातळाला धरून जपून उतरावे.’ ऐकलंसा का आज्जा?”

“ऐकलं. कवा लिवलंय ते?”

“दोन-तीन वर्सं झाली असतील.”

“मग दोन-तीन पावसाळं होऊन गेलं त्या वाटेवरनं. मी आजची वाट उतरणार हाय, त्याची न्हाय.”

परत प्रकाश बोलायला आला. “आबा, मी पहाटं गाडी घिऊन येतो. मोठ्या घाटानं जाऊ. आत्तीला काय, भाऊ दिसल्याशी कारण.”

मी फोन ठेवून दिला. त्याला बहीण नाही. त्याच्याशी या विषयावर बोलणं म्हणजे पोहता न येणाऱ्याशी विहिरीबद्दल बोलणं. पण झोपताना मी विचार केला, खोटं कशाला सांगू. गुडघा सुजला होता. धूर देऊन उतरता आलं नाही तर? आक्का आधण ठेवणार, भात शिजवणार, पाट मांडणार, आणि कोणी येणार नाही. आणि धूर दिलाच नाही तर तिला एकच अर्थ कळतो. मी मेलो. दोन्हीकडून अडकलो होतो. धूर दिला की उतरायलाच पाहिजे, एवढं पक्कं करून मी कूस बदलली.

सकाळी दवानं गवत पांढरं झालं होतं. सावरीपर्यंत जाताना धोतर गुडघ्यापर्यंत भिजलं. आणि बघतो तर आमच्या कातळावर पाचसहा पोरं बसलेली. रंगीत पिशव्या, जाड बूट, आणि एकाच्या हातात ते पुस्तक, मधल्या पानावर बोट घालून धरलेलं.

मी कातळावरचं गवत उपटलं, भोवती दगड लावले, काटक्या रचल्या, पेटवल्या आणि वर ओलं गवत टाकलं. धूर उठायला लागला.

“आजोबा, इथं आग नका लावू,” पुस्तकवाला म्हणाला. दाढी राखलेला, चष्मेवाला.

“का?”

“ही चौकी आहे. ऐतिहासिक. बोर्ड वाचा ना.”

“वाचला. कुणी लिवलाय?”

“आमच्याच ग्रुपनं.”

“मग तुमीच पाळा.”

“आजोबा, पूर्ण डोंगर पेटेल. गवत आहे सगळीकडं.”

“पेटलाय का आजवर?”

तो पुढं झाला आणि बुटानं माझा धूर चिरडला. दोनतीन वेळा पाय आपटला, वर बाटलीतलं पाणी ओतलं. काटक्या चुरचुरल्या आणि धूर तुटला. माझ्या डोळ्यांपुढं आक्काचं अंगण आलं. मघाशी ती उठली असेल. आता हातातलं भांडं तसंच धरून उभी असेल.

मी काठी उचलली. मारली नाही. त्याच्या बुटावर ठेवली, आणि जोर दिला.

“ते पुस्तक वाचलंयस न्हवं? धूर कशाला करायचं म्हणून लिवलंय?”

“शत्रू आल्याची खबर द्यायला,” तो म्हणाला. त्याचा आवाज जरा खाली आला होता.

“मग आलाय की शत्रू. देऊ दे मला खबर.”

त्याच्याबरोबरची एक मुलगी हसली. हसू दाबायला तिनं तोंड फिरवलं. चष्मेवाल्यानं पाय मागं घेतला. मी राख बाजूला सारली, परत काटक्या रचल्या, परत गवत टाकलं. ओल्या जागेवर पेटायला वेळ लागला. यावेळी धूर उठला तो चांगला जाड उठला आणि सरळ वर गेला. तो पुरता विरेपर्यंत मी तिथून हललो नाही, आणि ती पोरंही हलली नाहीत. निखारे विझवून मी दगडांखाली माती ओढली.

त्या मुलीनं विचारलं, “आजोबा, खाली जाताय? आम्ही येऊ का सोबत? तिकडं दरड आहे.”

“माझ्या मागनं येऊ नगासा,” मी म्हणालो, आणि नाळेत उतरलो.

नाळ तशीच होती, म्हणजे नव्हती. कारवी डोक्याच्या वर. कोयत्यानं एक फांदी तोडली की दुसरी तोंडावर यायची. पायाखाली काय आहे ते पायानंच बघायचं. मला एकेका वळणावर माणसं आठवत होती. कुणी कुठं बसून तंबाखू मळली, कुणाची ढेप कुठं घरंगळली, दादा कुठं थांबून माझी वाट बघायचा आणि म्हणायचा, “चल की म्हाताऱ्या,” तेव्हा मी विशीतला होतो. एकट्यानं वाट काढत उतरणं म्हणजे एकट्यानं जेवणावळ उठवणं. टक टक आवाज माझाच, आणि खालून उत्तराचा आवाज नाही. तेव्हा मात्र मी पुस्तकावर चिडलो नाही. चिडायला दम उरला नव्हता.

ओढ्याच्या वर दरड होती. पुस्तकात होती तिथंच. निम्मी वाट गिळून बसलेली, वर भुसभुशीत माती. मी तिथं उभा राहून त्या लिहिणाऱ्याला मनापासून शिव्या दिल्या. खोटं लिहिलं असतं तर बरं झालं असतं. उजवीकडून गेलो, माती पायाखालून सुटली आणि मी गुळाच्या ढेपेसकट खाली बसलो. मग डावीकडच्या कातळाला धरून उतरलो. पुस्तकात होतं म्हणून नव्हे. तिकडूनच बरं दिसलं म्हणून.

आक्काच्या अंगणात पोचलो तेव्हा उन्हं कलली होती. ती उभीच होती, हात कपाळावर धरून.

“इलंस,” म्हणाली. तिची बोली आता निम्मी खालची झाली आहे. तिनं माझ्या अंगावरची माती बघितली, गुडघा बघितला. मग माझ्या मागं बघितलं, फणसाच्या झाडापलीकडं, जिथून वाट अंगणात येते.

“आणि तो?” तिनं विचारलं.

“कोण तो?”

तिला ते ऐकू गेलं नाही. तिची सून सुमन पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली. “मामानू, आई सकाळधरून हंयच बसली आसा,” ती म्हणाली. “पयलो धूर दिसलो तशे तांदूळ घेतल्यान. मगे दुसरो दिसलो, तशी परत आत जावन आणखी तांदूळ काढल्यान.”

आत गेलो तर दोन पाट मांडलेले. दोन्हीपुढं रांगोळी, दोन्हीपुढं केळीचं पान.

तेव्हा मला कळलं. दादा होता तेव्हा आम्ही दोघं आपापला धूर द्यायचो. आधी थोरल्यानं द्यायचा, तो विरला की मी. जितके धूर तितके भाऊ, तितका भात. त्या चष्मेवाल्याच्या बुटानं माझा एक धूर मोडून त्याचे दोन केले होते.

मी आक्काला सांगायला लागलो. ओरडून सांगितलं. पोरं होती, बुटानं विझवला, मी परत लावला. ती माझ्या तोंडाकडं बघत राहिली. मग मी हातवारे केले. बूट कसा दाखवणार, पाय आपटून दाखवला. तिला वाटलं गुडघा दुखतोय. तिनं सुमनला तेल गरम करायला सांगितलं. मी पुस्तक दाखवायला तळहात उघडून धरले. तिनं त्यात पाणी ओतलं, हात धुवायला.

दादाच्या मातीला ती आली होती. नाळेनंच चढून आली होती, त्याच्या तोंडावरून हात फिरवला होता तिनं. तिला भ्रम झालेला नाही. तिचं डोकं माझ्यापेक्षा ठिकाणावर आहे. तिनं मला पाटावर बसवलं, कुंकू लावलं, ओवाळलं. मग ते निरांजन घेऊन ती शेजारच्या रिकाम्या पाटासमोर बसली आणि तिथंही ओवाळलं. सुमन दारात थबकली. आक्कानं अक्षता टाकल्या, त्या पाटाच्या लाकडावर पडून उडाल्या. मी हातवारे करायचे थांबवले.

तिनं दोन्ही पानं वाढली. भात, काळ्या वाटाण्याचं सांबारं, खोबऱ्याची खीर. शेजारच्या पानात सांबारं नव्हतं, तिथं दही होतं. दादाला वाटाणे बाधायचे. मी विसरलो होतो.

बहिणीनं भाऊबीजेला वाढलेलं पान तसंच टाकायचं नसतं. माझं संपवलं आणि सरकून दादाच्या पाटावर बसलो. सकाळपासून पोटात काही नव्हतं, भरभर खात होतो. आक्का समोर बसून बघत होती. तिनं हात पुढं करून माझं मनगट धरलं.

“सावकाश खा,” ती म्हणाली. “ते त्याचं हाय.”